खाणीतून निघालेली आगगाडी

गोव्याला सुट्टीत जाणाऱ्या मराठी कुटुंबांचा कार्यक्रम बहुधा ठरलेला असतो. दोन दिवस समुद्र, एक दिवस मंगेशी आणि शांतादुर्गा, उरलेला वेळ नातेवाइकांकडे. पेडणे आणि डिचोली हे तालुके मात्र बऱ्याचदा गाडीच्या खिडकीतूनच दिसतात. मोपाच्या विमानतळावरून दक्षिणेकडे निघालं की पेडणे मागं पडतं; चोर्ला घाटातून बेळगावला जाताना डिचोली मागं पडते. या दोन तालुक्यांत एक दिवस निवांत फिरा, असं मी सुचवतो. सोबतच्या मुलांसाठी विषयही देतो: रोलर कोस्टर. तिथं मोठा रोलर कोस्टर नाही, हे खरं. पण तो उभा कशावर राहतो आणि त्याला गोष्ट कुठून मिळते, हे समजून घ्यायला याहून चांगली जागा मला सापडलेली नाही.

आधी खरा कोस्टर पाहू. त्यासाठी खोपोलीला जावं लागेल. मुंबई-पुणे द्रुतगती मार्गाजवळचं इमॅजिका पार्क २०१३ मध्ये सुरू झालं. तिथला 'नायट्रो' स्वित्झर्लंडच्या बोलिगर अँड माबिलार्ड कंपनीचा. उंची सुमारे ४० मीटर, रुळाची लांबी साडेआठशे मीटरच्या आसपास, आणि वाटेत माणूस पाच वेळा उलटा होतो. गाडी निघायच्या आधी पायांखालची फरशीच बाजूला होते. पाय लोंबकळत राहतात आणि शेजारी बसलेल्या काकांच्या तोंडून आपोआप देवाचं नाव निघतं.

चढावर एक साखळी गाडीला ओढत नेते. टक् टक् आवाज येतो तो गाडी मागं घसरू नये म्हणून लावलेल्या खटक्यांचा. माथ्यावर साखळी सुटते आणि त्यानंतर गाडीला इंजिन नसतं. मिळवलेली उंची हेच इंधन. अकरावीचं भौतिकशास्त्र आठवा: ४० मीटर खाली आलेल्या वस्तूचा वेग सेकंदाला २८ मीटर, म्हणजे ताशी साधारण १०० किलोमीटर. नायट्रोचा वेगही याच घरातला आहे.

गाडी उलटी होते तो फेरा नीट पाहिला तर पूर्ण गोल नसतो. तो वर अरुंद आणि खाली पसरट, थेंबाच्या आकाराचा असतो. १८९५ मध्ये न्यू यॉर्कच्या कोनी आयलंडवर 'फ्लिप फ्लॅप' नावाचा गोल फेरा बांधला होता. सरळ रुळावरून एकदम वर्तुळात शिरताना असा हिसका बसायचा की लोक मान धरून उतरायचे. १९७६ मध्ये कॅलिफोर्नियातल्या 'रिव्होल्यूशन'साठी अँटोन श्वार्झकॉफ आणि वेर्नर श्टेंगेल या जर्मन जोडीने थेंबाचा आकार वापरला. वळण हळूहळू घट्ट होत जातं, म्हणून मानेला ते कळतही नाही.

हाच हिशेब रेल्वेला लागतो, आणि तो पाहायला पेडण्याला यावं. कोकण रेल्वेचा रूळ सरळ रेषेतून वळणात शिरताना एकदम वळत नाही. वळण क्रमाक्रमाने वाढतं आणि बाहेरचा रूळ थोडा उंच होत जातो. त्यामुळे हातातला चहा सांडत नाही. एका टप्प्यात एका वेळी एकच गाडी, हा रेल्वेच्या सिग्नलचा नियम कोस्टरचा संगणकही पाळतो. पुढचा टप्पा रिकामा असल्याची खात्री नसेल, तर मागची गाडी ब्रेकवर थांबते. सॉफ्टवेअर लिहिणारा माणूस म्हणून मला हा नियम फार आवडतो: शंका आली की थांब.

पेडण्याचा आणखी एक धडा आहे, जमिनीचा. इथला दीड किलोमीटरचा बोगदा कोकण रेल्वेला सगळ्यात महागात पडला. आतली माती मऊ आणि पाण्याने भिजलेली. खणावं तसं ढासळत जायचं. बाकीचा मार्ग तयार होऊन या बोगद्यासाठी खोळंबला, आणि २६ जानेवारी १९९८ ला रोह्यापासून मंगळूरपर्यंतचा सलग मार्ग खुला झाला. ऑगस्ट २०२० मध्ये बोगद्यातली भिंत कोसळली आणि वाहतूक वळवावी लागली. जुलै २०२४ मध्ये पुन्हा पाणी आणि चिखल आत आला. स्वित्झर्लंडहून रूळ मागवता येतो, पण जमीन मागवता येत नाही. कोस्टरच्या प्रत्येक खांबाखाली आधी हा प्रश्न सोडवावा लागतो.

आता राहिली सजावट, म्हणजे थीमिंग. त्याला आपल्याकडे सोपा शब्द आहे: देखावा. चतुर्थीला हलत्या मूर्तींचे देखावे आणि शिगम्याला ट्रकवर उभारलेले चित्ररथ ज्यांनी पाहिलेत, त्यांना वेगळं समजवायला नको. लाकडी सांगाडा, कापड, कागद, मोटर, दिवे, आणि रस्त्यावरच्या माणसाला क्षणात कळेल अशी गोष्ट. कोस्टरचंही तेच. नळीसारख्या पोलादी रुळाचा पहिला कोस्टर डिस्नेलँडमध्ये १९५९ साली आला, 'मॅटरहॉर्न'. आणि तो दिसूच नये म्हणून भोवती एक अख्खा खोटा डोंगर उभारला होता! म्हणजे अशा पोलादी कोस्टरचा देखावा त्याच्यासोबतच जन्माला आला.

त्याच पार्कमध्ये १९७९ साली 'बिग थंडर माउंटन' आला. त्याची गोष्ट अशी: डोंगर स्थानिक लोकांना पवित्र होता, सोन्यासाठी तो खणला, डोंगर कोपला आणि खाणीतल्या गाड्या आपोआप बेफाम धावू लागल्या. ही नुसती कल्पना नाही. रोलर कोस्टरचा एक पूर्वज खरोखरच खाणीतला आहे. पेनसिल्व्हेनियातल्या मॉख चंक इथं १८२७ मध्ये कोळशासाठी रेल्वे बांधली. भरलेले डबे उताराने स्वतःच्या वजनावर खाली धावायचे आणि रिकामे डबे खेचरं वर ओढायची. ती खेचरंही खाली येताना डब्यात बसून यायची. पुढं लोक पैसे देऊन त्या उतारावर बसू लागले. १८८४ मध्ये कोनी आयलंडवर पाच सेंट घेऊन चालणारी 'स्विचबॅक रेल्वे' सुरू झाली, आणि खेळ कायमचा खाणीतून जत्रेत आला.

हे वाचलं आणि मला डिचोली आठवली. इथलं लोहखनिज ट्रकने सारमानसच्या धक्क्यावर, तिथून बार्जमधून मांडवीने मुरगावला आणि पुढे जहाजाने जपानला, चीनला जायचं. २०१२ मध्ये खाणी थांबल्या, २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ८८ लीज रद्द केल्या, आणि लिलावानंतर २०२४ मध्ये डिचोलीत पुन्हा काम सुरू झालं. शिरगावच्या विहिरी आटल्याचं गाऱ्हाणं कोर्टापर्यंत गेलं. दुसऱ्या बाजूला, खाणी थांबल्या तेव्हा ट्रकचे हप्ते थांबले नाहीत. इथं प्रत्येक वाड्यावर दोन्ही बाजूंची माणसं सापडतात, कधी एकाच घरात.

बंद खाणींचं काय करायचं, ही चर्चा निघाली की 'थीम पार्क करा' असं कुणीतरी म्हणतंच. मलाही ते चित्र मोहात पाडतं: लाल मातीच्या पायऱ्या, तळाशी हिरवं पाणी, आणि कडेने धावणारी खाणगाडी. पण अमेरिकेतल्या त्या खोट्या खाणीत खाणकामगार कुठंच दिसत नाही, आणि डोंगर गमावलेली माणसंही नाहीत. तिथं ते खपून जातं, कारण डोंगर सिमेंटचा आहे. डिचोलीत खड्डा खरा आहे. इथल्या देखाव्यात आटलेली विहीर आणि हप्ते फेडणारा ट्रकवाला नसतील, तर पाहुणे टाळ्या वाजवतील, पण गावकरी मान फिरवतील. म्हणून असं काही कधी उभं राहिलंच, तर रूळ बाहेरून यावा, गोष्ट मात्र शिगम्याचे चित्ररथ करणाऱ्या कलाकारांनी आणि त्या वाड्यांवरच्या लोकांनी ठरवावी. आणि जमीन नको म्हणाली, तर कोस्टरच्या संगणकासारखं थांबावं.

तोवर एक दिवसाचा बेत असा करा. सकाळी पेडणे स्टेशनवर रूळ वळणात कसा शिरतो ते मुलांना दाखवा. दुपारी डिचोलीजवळ मये तलावावर जा. काठावर बंजी जंपिंगसाठी ५५ मीटरचा पोलादी मनोरा आहे, म्हणजे नायट्रोहून उंच. त्याला कसलाच देखावा नाही. तळं आणि भोवतालची झाडी पुरते. परतताना मुलांना कागद-पेन्सिल द्या आणि डिचोलीचा कोस्टर काढायला सांगा. उंची किती, फेरे किती, हे ती पटकन काढतील. गाडीचं नाव काय आणि रांगेत उभं असताना भिंतीवर कुणाची चित्रं दिसतील, हे विचारा. त्याचं उत्तर शोधायला त्यांना आजोबांकडे जावं लागेल.