उद्यानाच्या दारापर्यंतची नदी

आमच्या दहिसरला नदी आहे म्हटलं की मुंबईतलेच लोक हसतात. त्यांनी पाहिलेला असतो तो श्रीकृष्ण नगरच्या पुलाखालचा काळा प्रवाह, दोन्ही अंगांना भिंती आणि मधे तरंगणारं थर्माकोल. नदी जेमतेम १२ किलोमीटरची. तुळशी तलावाजवळच्या डोंगरात निघते, संजय गांधी राष्ट्रीय उद्यानातून उतरते आणि मनोरीच्या खाडीला मिळते. तिचा वरचा भाग बघायला मी पावसाळ्यात सायकल काढून कान्हेरीच्या रस्त्याला लागतो.

मृगाच्या सरींत पाणी तांबडं, गढूळ असतं. जुलै सरता सरता पाऊस थोडा उघडला की ते निवळतं, आणि पुलावरून वाकलं तर तळाचे काळे खडक दिसतात. खडकांच्या फटींत खेकडे, काठाला करंज नि उंबर, वर चढावर कारवी. बिबट्या अजून दिसला नाही. दिसावा अशी घाईही नाही.

कान्हेरीत जवळजवळ प्रत्येक लेण्याशी कातळात कोरलेली पोढी, म्हणजे पाण्याचं टाकं, आहे आणि वरचं पावसाचं पाणी तिच्यात आणणारे पन्हळ. या डोंगरावर पाणी राखायची रीत इंग्रजांच्या कितीतरी आधीची.

तुळशीकडचा रस्ता मात्र बंद. पुढे जाता येईल का, असं चौकीवरच्या रखवालदाराला विचारलं, तर तो म्हणाला, “नाही काका. पिण्याचं पाणी आहे. आणि मगरी पण आहेत.” दोन्ही कारणं पटण्यासारखी होती.

शेजारचा विहार तलाव १८६० चा, तुळशी १८७९ चा. पाणी स्वच्छ राहावं म्हणून इंग्रजांनी पाणलोटातल्या जमिनी ताब्यात घेतल्या, तिथली शेती बंद केली. राष्ट्रीय उद्यान फार नंतर आलं. म्हणजे हे रान आधी नळाच्या पाण्यासाठी टिकलं. बिबट्यांचा नंबर मागाहून लागला. आणि आज तुळशीतून शहराला मिळतं दिवसाला १८ दशलक्ष लिटर, एकूण पुरवठ्याच्या अर्धा टक्का, तोही कसाबसा. उरलेलं बहुतेक भातसा आणि वैतरणा भागवतात. हिशेबात नगण्य अशा या पाण्याने आपल्याला केवढं जंगल राखून दिलं!

उद्यानाबाहेर याच नदीत तबेल्यांचं शेण, धुण्याचा साबण आणि गटारं येऊन मिळतात. २००५ च्या पुरानंतर भिंती उंच झाल्या. गटारं मात्र तशीच येत राहिली. पूर आला की ती नदी, एरवी नाला. हे मला मान्य नाही. गटारं आधी वळवा, सुशोभीकरणाचे बाक मागाहून बसवा.

आणि नाला म्हणणाऱ्यांनी एकदा श्रावणात कान्हेरीच्या रस्त्यावरच्या पुलावर जाऊन यावं. सोमवार सोडून, त्या दिवशी उद्यान बंद असतं.