भुलेश्वराच्या देवळातलं एक अक्षर

बालमित्रांनो, सहलीला निघताना तुम्ही दप्तरात काय काय भरता? डबा, पाण्याची बाटली, आईनं बजावून दिलेला स्वेटर! मी सातवीत असताना सहलीला जाताना कंपासपेटीतलं कर्कटकही नेलं होतं. ते कशाला, ते पुढं सांगते. थोडं लाजत सांगणार आहे, तेव्हा हसू नका हं!

मी मांडवगण फराट्याला शिकवते. शिरूर तालुक्यातलं, भीमेकाठचं हे गाव. नदी ओलांडली की दौंड तालुका. चहूकडं उसाचे मळे. गावात वाघेश्वराचं देऊळ आहे, त्यामुळं महादेवाचं देऊळ आमच्या मुलांना नवीन नाही. तरी गेल्या हिवाळ्यात चौथीच्या मुलांना घेऊन आम्ही मुद्दाम निघालो ते भुलेश्वराला.

चौफुल्यावरून पुणे-सोलापूर रस्त्यानं यवत गाठलं आणि डावीकडं डोंगराला लागलो. वळणावळणाचा घाट चढून गाडी माथ्याजवळ थांबली. हा भाग पुरंदर तालुक्यात येतो. जवळचं गाव माळशिरस. सोलापूर जिल्ह्यातलं माळशिरस वेगळं, बरं का! पत्र पाठवताना घोटाळा करू नका.

गाडीतून उतरल्याबरोबर एक मुलगा म्हणाला, "बाई, देऊळ कुठंय? ह्यो तर किल्ला वाटतोय!"

त्याचं काही चुकलं नव्हतं. देवळाभोवती एक किल्ला होताच. त्याचं नाव दौलतमंगळ. १६३० च्या सुमारास आदिलशाहीचा सरदार मुरार जगदेव यानं पुणं उद्ध्वस्त केलं आणि या मुलखावर नजर ठेवण्यासाठी इथं किल्ला उभारला. शिवाजी महाराजांचा जन्म १६३० चाच. म्हणजे बालशिवाजी पुण्यात आले, तेव्हा हा किल्ला नवाकोरा होता! आता त्याचे थोडे अवशेष उरलेत. देवळावर घुमट आणि मिनारासारखे मनोरे दिसतात. ते विटा-चुन्याचे आहेत, मागाहून बांधलेले. खरं जुनं देऊळ आत दडलंय. अभ्यासक ते देवगिरीच्या यादवांच्या काळातलं, म्हणजे साधारण तेराव्या शतकातलं मानतात.

आत शिरलं की काय होतं माहीत आहे? एकदम काळोख! चिंचोळ्या पायऱ्या चढायच्या. मुलांनी एकमेकांचे शर्ट घट्ट धरले होते. पायऱ्या संपतात आणि समोर येतो तो भला मोठा नंदी. डोळे अंधाराला सरावले की भिंती हळूहळू बोलायला लागतात.

गाभाऱ्याच्या भोवती प्रदक्षिणेचा झाकलेला मार्ग आहे. गाभाऱ्याची बाहेरची भिंत सरळ नाही. ती चांदणीच्या कोनांसारखी आत-बाहेर, आत-बाहेर जाते. असं का केलं असेल? विचार करा. कागदाची पट्टी सरळ ठेवा आणि तेवढ्याच जागेत दुसरी पट्टी पंख्यासारखी घड्या घालून ठेवा. घड्यांची पट्टी जास्त लांब लागते ना? तसंच इथं. कोन वाढले की मूर्तींना जागा वाढली! प्रत्येक कोनात कुणीतरी उभं आहे. कुठं सुरसुंदरी, कुठं देवदेवता. रामायण-महाभारतातले प्रसंग आहेत. खालच्या पट्ट्यांत हत्ती-घोडे चाललेत. आणि एका ठिकाणी तर चक्क स्त्रीरूपातला गणपती आहे. मुली त्याच्यापुढून हलायलाच तयार नव्हत्या!

"भुलेश्वर" हे नाव कसं पडलं? गोष्ट अशी सांगतात. महादेव तपाला बसले होते. पार्वतीनं इथं नृत्य केलं. ते पाहून महादेव भुलले आणि पुढं कैलासावर दोघांचं लग्न झालं. भुलला तो भुलेश्वर. आणखी एक गोष्ट भाविक सांगतात. पिंडीखाली पेढ्यांचा नैवेद्य ठेवला की त्यातला एखादा पेढा कमी होतो. यावर आमच्या वर्गात जोरदार भांडण झालं. एक म्हणे, "महादेवच खातो." दुसरा म्हणे, "उंदीर खात असंल!" मी म्हटलं, "भांडू नका. गोष्ट कानांनी ऐका, देऊळ डोळ्यांनी बघा आणि प्रश्न वहीत लिहून ठेवा."

डोळ्यांनी बघताना मात्र मुलं गप्प झाली. किती मूर्तींना नाक नाही, हात नाहीत, चेहराच नाही! "बाई, कुणी तोडलं हो?" एकानं विचारलं. लढायांच्या काळात मूर्ती फोडल्या गेल्या, हे मी सांगितलं. मग पुढं एका मुलानं खांबाकडं बोट दाखवलं. तिथं कुणीतरी बदामाचं चित्र काढून दोन नावं कोरली होती. "आणि हे?" त्यानं विचारलं.

आता कर्कटकाची गोष्ट आली!

२४ वर्षांपूर्वी मी सहलीला इथंच आले होते. गुरुजी पुढं गेले आणि मी मागं राहिले. आपलं नाव देवळात कायमचं राहावं, असं मला वाटलं. कर्कटक काढलं आणि खांबावर घासायला लागले. एक अक्षर कसंबसं उमटलं आणि कर्कटकाचं टोक मोडलं! उरलेलं नाव राहिलं. घरी टोक मोडल्याबद्दल बोलणी खाल्ली, पण कुठं मोडलं ते मी आजवर कुणाला सांगितलं नव्हतं.

मुलांना सांगावं की नको? माझे हातपाय गार पडले. उद्या हीच मुलं म्हणतील, "बाईंनीही केलं होतं की!" पण दुसऱ्यांची नावं दाखवून उपदेश करायचा आणि आपलं अक्षर लपवायचं, हे काही बरोबर नाही. मी त्यांना सगळं सांगितलं. मग आम्ही सगळे ते अक्षर शोधायला लागलो. टॉर्च खांबावर तिरपा धरला, तेव्हा सापडलं. बारीक, वाकडं, पांढुरकं. २४ पावसाळे गेले, पण ते पुसलं गेलं नव्हतं.

मुलांनो, आपल्या गुडघ्याला खरचटलं की खपली धरते आणि नवी कातडी येते. दगडाला खपली धरत नाही. हा काळा दगड आपल्या सह्याद्रीचा बेसाल्ट. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जमिनीतून उसळलेला लाव्हा थंड होऊन तो बनला. त्यावर छिन्नी चालवणं किती कठीण, ते माझ्या मोडक्या कर्कटकाला विचारा! एक घाव जास्त पडला तर मूर्तीचं नाक जायचं. चुकलेलं खोडायला रबर नव्हता.

यादवांच्या काळात हे देऊळ घडवलं. पुढं, बाजीराव पेशव्यांचे गुरू ब्रह्मेंद्रस्वामी यांनी त्याची दुरुस्ती करवली. म्हणजे कुणी फोडलं, कुणी सांभाळलं. आता पाळी आपली आहे. जुन्या वास्तूवर नावं कोरणं हा कायद्यानं गुन्हा आहे, हे खरंच. पण पोलीस नसला तरी हात आवरला पाहिजे.

निघताना एका मुलीनं हळूच विचारलं, "बाई, ज्यानं एवढ्या मूर्ती केल्या, त्यानं आपलं नाव कुठं लिहिलंय?"

आम्ही परत फिरून शोधलं. खूप शोधलं. कोरणाऱ्यांची नावं आम्हाला काही सापडली नाहीत. माझं अक्षर मात्र होतं.

परतीच्या वाटेवर गाडीत नेहमीसारख्या भेंड्या झाल्या. पण दुसऱ्या दिवशी मुलांनी वर्गातले बाक साबणाच्या पाण्यानं घासले. पेनानं लिहिलेली नावं बरीचशी गेली. कर्कटकानं कोरलेली तशीच राहिली.

तुमच्या गावातही जुनं देऊळ, मशीद, बारव किंवा वेस असेलच. या रविवारी तिथं जा. वही-पेन्सिल न्या आणि एका मूर्तीचं किंवा कमानीचं चित्र काढा. त्याखाली आपलं नाव खुशाल मोठ्या अक्षरांत लिहा. वहीत, बरं का!