गंजातलं ग्रीक मटण

रविवार. मेंढीचं कोवळं मटण पवनीत मिळालं नाही, म्हणून बोकडाची मांडी आणली. सावजी रश्श्याच्या या मुलखात मसाल्याविना मटण! सासूबाईंनी विचारलंच, "मसाला नाही टाकत का व?"

लसूण, मिरे, मीठ, तेल नि भरपूर लिंबू चोळलं. ओरेगॅनोऐवजी ओवा चुरडला. थायमॉल दोन्हींत असतं, त्यामुळे वास परका वाटत नाही. ओव्हन नाही, तर जाड बुडाच्या गंजात मांडी, भोवती आलूच्या मोठ्या फोडी, झाकण कणकेने बंद, वर निखारे. ग्रीसचं क्लेफ्तिकोही असंच कोंडून शिजतं. तुर्की अमलातले डोंगरी बंडखोर धूर दिसू नये म्हणून खड्ड्यात मटण पुरत, असं सांगतात. बोकडाला चरबी कमी, म्हणून तेल सढळ नि आच मंद हवी.

खरी चव आलूत उतरते. मटणाचा रस नि लिंबू पिऊन तो कडेने तांबूस होतो, आत लोण्यासारखा. ग्रीसमध्ये आलू रुजवण्याचं श्रेय १८२८ साली कारभार हाती घेतलेल्या कापोदिस्त्रियासना देतात. सासूबाईंनी ज्वारीच्या भाकरीसोबत आधी आलूच संपवला.