मॉर्वेन्नाचे गाव

जेनिफर हे नाव आपल्याला परके नाही. वांद्रे-माहीमच्या बाजूला, गोव्यात तर गावोगाव, शेजारपाजारची किंवा वर्गातली एखादी जेनिफर भेटतेच. पण हे नाव मूळचे कुठले, असे विचारले तर थोड्यांनाच सांगता येईल. ते आहे कॉर्नवॉलचे. म्हणजे इंग्लंडच्या नैर्ऋत्येला समुद्रात पाय पसरून बसलेल्या त्या चिंचोळ्या मुलखाचे. राजा आर्थरची राणी ग्विनेव्हिअर हिचे नाव तिथल्या लोकांच्या तोंडी घोळून घोळून 'जेनिफर' झाले. १९०६ साली बर्नार्ड शॉने 'द डॉक्टर्स डिलेमा' या नाटकात आपल्या नायिकेला हे नाव दिले, तेव्हा ते कॉर्निश नाव आहे असा खुलासा तिच्याच तोंडून करवावा लागला. पुढे मात्र ते अमेरिकेत गेले, आणि १९७० ते १९८४ अशी सलग पंधरा वर्षे तिकडच्या मुलींच्या नावांत पहिले राहिले.

जग जिंकून आलेल्या या जेनिफरची एक घरकोंबडी बहीण आहे. तिचे नाव मॉर्वेन्ना. कॉर्नवॉलबाहेर हे नाव क्वचितच कानावर येते, आणि कॉर्नवॉलमध्येसुद्धा ते काही घरोघर नाही. पण जेनिफरजवळ नाही असे एक धन तिच्याजवळ आहे. तिला स्वतःचे गाव आहे. 'मॉर्वेनस्टो' हे त्या गावाचे नाव. नावांच्या व्युत्पत्ती धुंडाळण्याची मला जुनी खोड. गेल्या सप्टेंबरात इंग्लंडला जाण्याचा योग आला, तेव्हा लंडनमधले दोन दिवस वाचवून मी या गावची वाट धरली.

एक्झेटरपर्यंत आगगाडी, तिथून ब्यूडपर्यंत बस. ब्यूडच्या थोडे अलीकडे रस्ता एक लहानसा पूल ओलांडतो. खालून वाहते ती टेमर नदी. इंग्लंड आणि कॉर्नवॉल यांच्यामधली ही सीमा इ. स. ९३६च्या सुमारास राजा ॲथेलस्टनने ठरवली असे सांगतात. नदी म्हणावी तर तिथे ती ओढ्याएवढीच आहे. गंमत अशी, की तिचा उगम मॉर्वेनस्टोच्याच शिवारात, उत्तरेच्या समुद्रापासून चार मैलांच्या आत आहे. पण जवळचा समुद्र सोडून ही मानिनी उलट दक्षिणेला वळते आणि साठएक मैल चालून प्लिमथपाशी दुसऱ्या समुद्राला मिळते. तिच्यामुळे कॉर्नवॉल जवळजवळ बेटच झाले आहे, आणि तिथल्या माणसांचा स्वभावही काहीसा बेटावरचा.

सीमा ओलांडली की गावांची नावे बदलतील अशी माझी कल्पना होती. कॉर्नवॉलच्या पश्चिम टोकाला 'त्रे' म्हणजे वस्ती, 'पोल' म्हणजे डोह, 'पेन' म्हणजे डोके किंवा टोक अशा शब्दांनी सुरू होणारी नावे पावलोपावली दिसतात. 'पेन्झान्स' म्हणजे पवित्र टोक. पण इकडे ईशान्येच्या कोपऱ्यात पाट्यांवर दिसली ती वूली, क्रॉसटाउन अशी अस्सल इंग्रजी नावे. एका वाडीचे नाव तर नुसते 'शॉप'! कारण उघड आहे. सॅक्सन शेतकरी या कोपऱ्यात फार लवकर शिरले, आणि कॉर्निश भाषा इथून सर्वांत आधी हटली. म्हणजे जिथे ती भाषा कित्येक शतके कोणाच्या कानी पडली नाही, त्या मुलखात हे कॉर्निश मुलीचे नाव टिकून राहिले आहे. गावाच्या नावातला 'स्टो' हा इंग्रजी शब्द; त्याचा अर्थ पवित्र स्थान. जिंकणाऱ्यांनी गाव घेतले, शेते घेतली, आपली भाषा आणली. पण स्थान कोणाचे, तर मॉर्वेन्नाचे, हे त्यांनी आपल्याच भाषेत मान्य केले.

मॉर्वेनस्टो हे गाव म्हणजे इकडे एक वाडी, तिकडे दोन शेते असा विखुरलेला संसार. रस्ता अरुंद, दोन्ही बाजूंना उंच कुंपणे. तो जिथे संपतो तिथे उतारावर झाडांच्या आडोशाने चर्च उभे आहे. पलीकडे दोन शेते, आणि शेते संपली की जमीनही संपते. चारशे फूट खाली अटलांटिक महासागर. वाऱ्याने तिथली झाडे एका बाजूला झुकलेली, म्हातारीच्या कमरेसारखी. चर्चच्या कमानी नॉर्मन काळातल्या, म्हणजे आठ-नऊशे वर्षांपूर्वीच्या. त्यांवर नागमोडी नक्षी कोरली आहे. आत शिरताना दगडावर लाटा उठल्याचा भास होतो.

ही मॉर्वेन्ना कोण? परंपरा सांगते की पाचव्या-सहाव्या शतकाच्या सुमारास वेल्समध्ये ब्रिखान नावाचा राजा होता. त्याला चोवीस मुले. ती एकामागून एक समुद्र ओलांडून कॉर्नवॉलला आली आणि जिथे राहिली तिथली संत झाली. एंडेलियन, मेबिन, मिन्व्हर, टेथ अशा गावांची नावे या भावंडांचीच म्हणून सांगतात. मॉर्वेन्ना आली ती या कड्यावर. तिची एक आख्यायिका निकोलस रॉस्कॅरक या कॅथलिक पंडिताने सोळाव्या-सतराव्या शतकांच्या संधिकाळी टिपून ठेवली आहे. गावकरी चर्च बांधत होते. मॉर्वेन्ना कड्याखाली उतरली, एक दगड उचलून डोक्यावर घेतला आणि चढण चढू लागली. वाटेत दमली, दगड खाली ठेवला, जरा टेकली. जिथे दगड ठेवला तिथे झरा फुटला. मग तो दगड तिने वर नेला, आणि जिथे नेला तिथेच चर्च उभे राहिले.

राजाची मुलगी, संत. पण कथेत ती करते काय, तर डोक्यावर ओझे घेऊन चढण चढते आणि वाटेत दम खाते. तिने राक्षस मारला नाही, की राजाला शाप दिला नाही. ज्या बायांनी ही गोष्ट पिढ्यान् पिढ्या सांगितली, त्यांनी स्वतःच्या दिवसातलाच एक तुकडा तिला दिला असावा. तिची विहीर अजून कड्याच्या अंगावर आहे. पण तिथे उतरण्याची वाट धोक्याची, म्हणून मी वरूनच हात जोडले.

आता नावाच्या अर्थाकडे वळू. नावांची पुस्तके उघडली तर मॉर्वेन्ना म्हणजे 'समुद्राची लाट' किंवा 'शुभ्र सागर' असे सापडते. याला आधार असा. कॉर्निश भाषेत 'मोर' म्हणजे समुद्र आणि 'ग्वेन' म्हणजे पांढरी, उजळ, मंगल. दोन शब्द जोडले की दुसऱ्याच्या आरंभीचा 'ग' गळतो आणि 'ग्वेन'चे 'वेन' होते. संधीचे नियम घोकलेल्या आपल्या वाचकांना यात नवल वाटू नये. जेनिफरच्या पूर्वजेच्या नावातही हीच 'ग्वेन' आहे, म्हणून तर मी दोघींना बहिणी म्हटले. दुसरा पक्ष म्हणतो, इतके लांब जायचे कारण नाही. शेजारच्या वेल्श भाषेत 'मोर्विन' म्हणजे कुमारिका, आणि कॉर्निशमध्येही 'मोरेन' म्हणजे मुलगी. तेव्हा मॉर्वेन्ना म्हणजे नुसती 'मुलगी'.

भाषेचा विद्यार्थी म्हणून मला दुसरा पक्ष जास्त सयुक्तिक वाटतो. पण त्या कड्यावर उभे राहून खाली पाहिले, पांढरा फेस काळ्या खडकांवर चढताना दिसला, की पहिला पक्ष सोडवत नाही. ज्यांनी हा अर्थ लावला ते कोशात चुकले असतील. डोळ्यांनी चुकले नाहीत.

या गावाला आणि या नावाला दुसऱ्यांदा जन्म दिला तो रॉबर्ट स्टीफन हॉकर या पाद्र्याने. १८३५ साली तो इथे आला आणि पुढे चाळीस वर्षे इथेच राहिला. मोठा विक्षिप्त माणूस. अंगात निळी कोळ्याची बंडी, त्यावर लालभडक लांब कोट, पायांत गुडघ्यांवर येणारे बूट. कड्याच्या अंगावर वाहून आलेल्या लाकडांची एक झोपडी त्याने स्वतः बांधली. तिथे बसून तो अफू ओढी आणि कविता लिही. कॉर्नवॉलचे लोक आजही राष्ट्रगीतासारखे गातात ते ट्रेलॉनीचे गीत त्याचेच. त्याची झोपडी आज नॅशनल ट्रस्ट या संस्थेकडे आहे आणि त्या संस्थेची सर्वांत लहान वास्तू म्हणून ओळखली जाते. आत जेमतेम चार-पाच माणसे मावतात. समोर मात्र सारा महासागर.

पण हॉकरला लोक विसरले नाहीत ते त्याच्या बंडीमुळे नव्हे. हा किनारा जहाजांचा काळ. फुटलेल्या जहाजांवरचे खलाशी किनाऱ्याला लागत ते प्रेते होऊन. त्यांना वाळूतच पुरण्याची किंवा समुद्रावर सोडून देण्याची रीत होती. हॉकर स्वतः गावकऱ्यांना घेऊन कडा उतरे, देह वर आणी, आणि चर्चच्या आवारात विधिपूर्वक मूठमाती देई. असे चाळीसहून अधिक अनामिक खलाशी त्याने इथे विसावले. १८४२च्या सप्टेंबरात स्कॉटलंडचे 'कॅलिडोनिया' जहाज फुटले. त्याच्या नाळेवरची लाकडी मूर्ती त्याने खलाशांच्या थडग्यावर उभी केली. हातात तलवार आणि ढाल घेतलेली ती पांढरी मूर्ती आता जपणुकीसाठी चर्चच्या आत ठेवली आहे; बाहेर तिची प्रतिकृती उभी आहे. डोक्यावर दगड घेऊन हाच कडा चढलेल्या मॉर्वेन्नेच्या पायवाटेवरूनच, म्हणाना, हा पाद्री खांद्यावर मेलेली माणसे घेऊन चढत होता.

हॉकरने आपल्या संतिणीचे चरित्रही लिहिले. त्यात ती सॅक्सन राजाच्या दरबारी जाऊन राजकन्यांना शिकवते वगैरे मजकूर आहे. पुढे सबाइन बेअरिंग-गूल्डने १८७६ साली हॉकरचे चरित्र लिहिताना दाखवून दिले, की ही हकीगत बर्टन गावच्या मॉडवेना नावाच्या निराळ्याच संतिणीची. पण हॉकरची भक्ती खरी होती. पहिली पत्नी वारल्यावर साठी उलटलेल्या या गृहस्थाने १८६४ साली विशीतल्या पॉलिन कुझिन्स्कीशी लग्न केले. त्यांना तीन मुली झाल्या. थोरलीचे नाव त्याने ठेवले मॉर्वेन्ना. इतकी शतके झऱ्याला, चर्चला आणि गावाला चिकटून राहिलेले नाव असे पुन्हा पाळण्यात आले. १८७५ साली हॉकर वारला तेव्हा ही मॉर्वेन्ना दहा वर्षांचीही नसेल-असेल.

आणि भाषेचे काय झाले? १५४९ साली इंग्रजी प्रार्थनापुस्तक सक्तीचे झाले तेव्हा कॉर्नवॉलचे लोक बंड करून उठले, आणि ते बंड रक्तात बुडवले गेले. त्यानंतर भाषा पश्चिमेकडे हटत हटत गेली. माउझल गावची मासळी विकणारी डॉली पेंट्रीथ ही ती भाषा बोलणारी शेवटची बाई म्हणून प्रसिद्ध आहे; ती १७७७ साली वारली. पुढे १९०४ साली हेन्री जेनरने कॉर्निशचे व्याकरण छापले आणि जुन्या राखेत फुंकर घातली. २००२ साली ब्रिटिश सरकारने त्या भाषेला मान्यता दिली. २०१०मध्ये युनेस्कोने 'मृत' हा शेरा पुसला. मुख्य भाषा कॉर्निश असे सांगणारे २०२१च्या जनगणनेत साडेपाचशेच्या आसपास निघाले. तिचे अंक ऐकावेत: तीनला त्रि, नऊला नाव, दहाला देग. आपला त्रि-नव-दश तर नव्हे ना हा, असे वाटून माणूस चपापतो; आणि हे दूरचे नाते खरेच आहे.

भाषेबरोबर नावेही परतू लागली आहेत. विन्स्टन ग्रॅहमच्या 'पोल्डार्क' कादंबऱ्यांतली एक सोसणारी नायिका मॉर्वेन्ना आहे. १९७३च्या 'द ब्लॅक मून'मध्ये ती प्रथम येते, आणि दूरदर्शनच्या मालिकांनी तिला घरोघर पोचवले. २०१० साली ब्रिटनचे त्या वेळचे पंतप्रधान डेव्हिड कॅमरन सुटीवर असताना त्यांच्या मुलीचा जन्म कॉर्नवॉलमध्ये झाला, तेव्हा तिच्या नावांत मॉर्वेन्नेच्या बहिणीचे, एंडेलियनचे, नाव घातले गेले.

जेनिफर जगभर झाली, पण वाटेत तिचे गाव हरवले. आज ते नाव उच्चारताना कोणाला कॉर्नवॉल आठवत नाही. मॉर्वेन्ना कड्यावरच थांबली आणि आपला झरा, आपला दगड, आपले बुडालेले खलाशी सांभाळून राहिली. तिचा अर्थ लाट असो वा मुलगी, पंडितांनी खुशाल भांडावे. आज ब्यूडच्या एखाद्या घरातली आई दारात उभी राहून "मॉर्वेन्ना, जेवायला चल" अशी हाक मारते, तेव्हा तिला कॉर्निशचे एक वाक्यही येत नसेल. पण त्या एका हाकेपुरती, आपल्याला नकळत, ती आपल्या खापरपणजीची भाषा बोलते. पोर खेळ टाकून लवकर आली नाही तर पुन्हा पुन्हा बोलते.