छोल्यातला चहा

मैत्रिणींनो, परवा मी छोल्यांच्या कुकरमध्ये चहाच्या पत्तीची पुरचुंडी टाकली, तर सासूबाई म्हणाल्या, "अगं, भाजीत चहा?" ही युक्ती पंजाबी शेजारणीची. पाव किलो छोल्यांना दोन चमचे पत्ती, मलमलच्या फडक्यात घट्ट बांधून. शिजल्यावर काढून टाकायची. रंग कसा छान काळसर येतो! (पुरचुंडी सैल राहिली तर पत्ती वेचत बसावं लागतं, हे अनुभवाचे बोल.)

चहावरून आठवलं. मी शाळेत अर्धवेळ इतिहास शिकवते. गझनीच्या महमूदच्या स्वाऱ्या शिकवून झाल्या आणि एका मुसलमान मुलीने हळूच विचारलं, "बाई, तिकडची माणसं नुसत्या लढायाच करायची का हो?" बी.ए.ला इतिहास घेऊनही मला उत्तर सुचेना. फार लाज वाटली.

वाचनालयातून पुस्तकं आणली. त्याच महमूदच्या दरबारी अल्-बिरुनी होता. तो संस्कृत शिकला, १०३०च्या सुमारास त्याने भारतावर अरबीत ग्रंथ लिहिला. म्हातारपणी औषधींवर लिहिलं, त्यात चीनच्या चहाचीही माहिती दिली! त्याआधी ८५१ सालच्या एका अरबी वृत्तान्तातही चिनी लोक गरम पाण्यात घालून पितात त्या पाल्याचा उल्लेख आहे. आपण कुकरमध्ये टाकतो तोच हा.

सोमवारी फळ्यावर महमूदच्या शेजारी अल्-बिरुनीचं नाव लिहिलं. त्या मुलीने ते वहीत दोनदा गिरवलं. धडा लांबला, आता मुख्याध्यापिकाबाई बोलणार. बोलू देत!