कानावरचं पंचांग

भिंतीवर कॅलेंडर नाही असं मराठी मध्यमवर्गीय घर निदान मी तरी पाहिलेलं नाही. १९७३ साली ‘कालनिर्णय’ निघालं आणि एकादशी, दुधाचा हिशेब अन् सिलिंडर लावल्याची तारीख एकाच खिळ्याला लटकू लागली. आमच्या आत्याच्या महालातल्या घरीही ते आहे. फक्त आत्याला ते दिसत नाही. काचबिंदूनं तिची नजर जाऊन आता बारा वर्षं झाली. पण दिवस कोणते चाललेत हे विचारायचं झालं तर घरातली माणसं भिंतीकडे जात नाहीत, तिच्याकडे जातात. ती मान जराशी तिरपी करते, ऐकते आणि सांगते.

आवाजावर चालणारं पंचांग म्हटलं की वाटतं, ही काही आपल्या पृथ्वीवरची भानगड नव्हे. पण जपानी लोकांच्या जुन्या पंचांगात वर्षाचे बहात्तर तुकडे आहेत, साधारण पाच-पाच दिवसांचे. त्यातल्या एका तुकड्याचं नावच मुळी ‘बेडूक ओरडू लागतात’ असं आहे. म्हणजे जपानी माणूस एकमेकाला ‘बेडकाच्या तिसऱ्या दिवशी भेटू’ असं सांगत असेल का, अशी मला एक शंका आहे. आणि जपान कशाला? आत्याचं माहेर काटोलकडचं. तिकडे पावशा ‘पेरते व्हा, पेरते व्हा’ ओरडायला लागला की शेतकऱ्यानं तिफणीकडे बघायचं. पावशाला मृग नक्षत्र वाचता येत नाही, पण म्हणून काही त्याचं अडलेलं नाही.

आत्याचं वर्ष गुढीपाडव्याला लागत नाही, कूलरला लागतं. नागपूरचा कूलर ज्यांनी पाहिला नाही त्यांना तो समजावून सांगणं कठीण आहे. पत्र्याची खोलीएवढी पेटी, तिच्या तीन बाजूंना गवताच्या ताट्या, आत पाण्याचा पंप आणि विमानाला लावायचा राहून गेलेला पंखा. एप्रिल लागता लागता गल्लीत पहिली घरघर उठते. “जोशांचा लागला,” आत्या म्हणते. “ऑइल नाही टाकलं वाटते यंदा.” मग दुसरा, मग चौथा. पंचवीस मेला नवतपा सुरू होतो तेव्हा अख्खी गल्ली एका सुरात गुरगुरत असते आणि आत्या त्या सुरावरून पारा सांगते. पंचेचाळीसच्या वर गेला की म्हणे सूर जड होतो. आणि मग जूनमध्ये एका संध्याकाळी सगळे कूलर एकदम गप्प होतात, कारण दमट हवेत कूलर म्हणजे नुसता घाम काढण्याचं यंत्र. त्या शांततेत आत्या उठून बसते. “पाऊस आला रे पोट्ट्या, वाळवण काढा.” आवाज थांबणं हीसुद्धा तिच्या पंचांगात एक तिथीच आहे. पाऊस पाच मिनिटांनी येतो.

पुढची पानं भराभर उलटतात. श्रावण संपता संपता पोळा, दुसऱ्या दिवशी तान्हा पोळा आणि लाकडी बैलांच्या चाकांची फरशीवरून खडखड. त्याच दिवशी मारबत. काळी मारबत १८८१ पासून निघते म्हणतात आणि पिवळी १८८५ पासून. ‘घेऊन जा गे मारबत’ ही आरोळी मात्र दर वर्षी ताजी असते, कारण घेऊन जाण्यासारख्या गोष्टींना नागपुरात कधी तुटवडा पडलेला नाही. मग भुलाबाई. गाणी संपली की मुली खिरापतीचा बंद डबा वाजवतात आणि खाऊ ओळखा म्हणतात. आत्या या खेळात अजिंक्य आहे. फुटाणे, मुरमुरे, भाजलेले दाणे यांत तिची कधी गल्लत होत नाही. एकदा एका चलाख मुलीनं डब्यात शिरा आणला. आत्या क्षणभर थांबली आणि म्हणाली, “न वाजणारं आहे आणि डबा जड वाटून राहिला. शिरा. तूप कमी घातलं तुझ्या आईनं.” तूप कसं ऐकू आलं हे आम्ही विचारलं नाही.

डिसेंबरात मोर्च्यांच्या घोषणा आणि मंत्र्यांच्या गाड्यांचे भोंगे कानावर आले की विधिमंडळाचं अधिवेशन लागलं. १९६० सालापासूनचा हा शिरस्ता. राज्याचे कोणते प्रश्न सुटतात ते आत्याला ठाऊक नाही, पण ट्रंकेतून स्वेटर तेव्हाच निघतात. आणि जानेवारीत गच्च्यागच्च्यांतून ‘ओ काट!’ उठलं की संक्रांत, तिळगूळ आणि हळूहळू पुन्हा जोशांचा कूलर.

गेल्या वर्षी मात्र या पंचांगात गडबड झाली. आतेभावानं, आईला उन्हाळ्याचा त्रास नको म्हणून, तिच्या खोलीत एसी बसवला. हेतू सोन्यासारखा. खिडक्या बंद झाल्या, फटींत रबर बसलं, खोली सिमल्यासारखी थंड झाली. आठवड्याभरानं मी गेलो तर आत्या पलंगावर नीट बसलेली, अंगावर शाल, चेहरा कोरा. मला म्हणाली, “बाबू, आज काय वार आहे रे?”

बारा वर्षांत हा प्रश्न तिनं पहिल्यांदा विचारला होता. मी वार सांगितला. मग तिनं महिना विचारला. मग जोशांचा कूलर लागला का विचारलं. जोशांकडेही एसी आला होता, हे मला सांगवेना. गल्लीत आता तीनच कूलर उरलेत आणि त्यातला एक फक्त पाहुणे आले की लावतात.

त्यावर घरात बराच खल झाला. आतेभाऊ म्हणाला, तिला बोलणारं घड्याळ आणू. आणलं. ते दर तासाला एका परक्या बाईच्या आवाजात वेळ सांगायचं. “खरं बोलते ती,” आत्या म्हणाली, “पण तिला काही माहीत नाही.” वहिनीनं मधला मार्ग काढला: एसी चालू आणि खिडकी चार बोटं उघडी. पुढच्या महिन्याचं विजेचं बिल आतेभावानं दोनदा वाचलं, दुसऱ्यांदा उभं राहून.

ती चार बोटं पावसाळाभर तशीच राहिली. मारबतीच्या दिवशी मी महालात होतो. ढोल-ताशे जवळ आले तशी आत्या चाचपडत खिडकीशी गेली, पल्ला पुरता लोटला आणि बाहेरच्या पोरांच्या आवाजात आपला आवाज मिसळून ठणठणीत ओरडली, “एसी घेऊन जा गे मारबत!” आत आतेभाऊ बिल शोधत होता.