हवालदार

आमचे आप्पा पोलादपुरात 'हवालदार' म्हणून ओळखले जात. पोलीसखात्याशी त्यांचा काडीचाही संबंध नव्हता. शिमगा उलटला की आमच्या आळीचे नाटक होई आणि त्यात हवालदार असला की ते काम आप्पांचे. नसला तर घालीत. नाटक बदले, नायक बदले. महाडहून भाड्याने आणलेला खाकी पोशाख मात्र आप्पांच्याच अंगावर चढे. पाचदहा वाक्ये बोलायची, हशा घ्यायचा आणि विंगेत जाऊन पेट्रोमॅक्सला हवा भरायची.

मला त्याची लाज वाटे. वरच्या वर्गासाठी महाडला गेलो तेव्हा एका मुलाने विचारले, "नाटकातला तो हवालदार तुझा बाप ना?" मी सरळ नाही म्हणालो.

पुढे नोकरीसाठी मुंबई गाठली. १९७२ साली तिथे दूरदर्शन सुरू झाले होते. आमच्या चाळीत एकाच बिऱ्हाडी संच होता आणि सारी चाळ त्या दारात लोटे. १९७० च्या दशकाच्या अखेरीस चि. वि. जोश्यांचे चिमणराव आणि गुंड्याभाऊ मी तिथेच पाहिले. चिमणराव दिलीप प्रभावळकर, गुंड्याभाऊ बाळ कर्वे. फजिती व्हायची ती चिमणरावांची. पण शेजारी तो आडदांड माणूस उभा आहे, म्हणूनच तिला हसायला धीर येई. हे कर्वे मुंबई महानगरपालिकेत नोकरी करीत, असे मागाहून कळले. 'रथचक्र', 'कुसुम मनोहर लेले' अशी नाटकेही त्यांनी केली; पण लोकांच्या तोंडी राहिला तो गुंड्याभाऊ.

सुटीत घरी आलो तेव्हा ओटीवर बसून आप्पांना सारे करून दाखविले. त्यांनी विचारले, "काम कोण करतो रे ते?"

नाव चटकन आठवेना. "गुंड्याभाऊ," मी म्हणालो.

आप्पा हसले. "मग जमलंय त्याला."

महाडची ती गोष्ट त्या रात्री सांगून टाकावी असे फार मनात आले. सांगितली नाही. पुढे आप्पा गेले. समाचाराला आलेले एक गृहस्थ म्हणाले, "हवालदारांसारखं काम पुन्हा व्हायचं नाही." आईने मान हलविली. मी उठून परसात गेलो.

२०२५ च्या ऑगस्टमध्ये बाळ कर्वे वयाच्या ९५ व्या वर्षी वारले. पोलादपूरच्या मित्राचा फोन आला, "अरे, गुंड्याभाऊ गेले."

कोण, असे मला विचारावे लागले नाही. फोन ठेवला आणि महाडचा तो मुलगा पुढ्यात उभा राहिला. त्याला म्हणालो, होय, माझाच बाप. उत्तर द्यायला फार उशीर झाला, एवढेच.